दिल्लीला उतरलेली बाई

१९२५ साली मुंबईच्या कोहिनूर फिल्म कंपनीने ‘कुलीन कांता’ नावाचा मूकपट काढला. दिग्दर्शक होते होमी मास्टर. गोष्ट इंदूरची होती, आणि त्या वर्षी मुंबईत ती ठाऊक नसलेला माणूस शोधूनही सापडला नसता. राजवाडा, राजाची मर्जी बसलेली नाचणारी बाई, तिचं पळून जाणं, मुंबईचा एक गबर शेटजी आणि मलबार हिलवर भर रस्त्यात झाडलेल्या गोळ्या. वर्तमानपत्रं महिनोन्‌महिने याच मजकुरावर खपत होती. सिनेमावाल्यांनी फक्त कॅमेऱ्याचा दांडा फिरवला.

जिची ही गोष्ट, ती बाई त्याच वर्षी मुंबई हायकोर्टात ज्युरीपुढे उभी राहून आपली हकिगत सांगत होती. मुमताज बेगम तिचं नाव. वय अवघं बावीस. तिच्या नावाने सिनेमा निघाला नाही, तिच्यावर निघाला. पुढे तिने स्वतः थेट हॉलिवूड गाठून नशीब अजमावून पाहिलं. भारतीय मूकपटाच्या इतिहासात मात्र ती कुठल्याच यादीत नाही. अभिनेत्रींच्या यादीत नाही, कारण पडद्यावर तिचं काम दिसलं नाही. इंदूरच्या इतिहासात आहे, पण तीही ‘बावला खून खटला’ या नावाखाली, म्हणजे मेलेल्या पुरुषाच्या नावाआड. आणि खटल्याची आठवण निघते ती बहुधा होळकर महाराजांची गादी का गेली हे सांगताना.

ही मांडणी मला उलटी वाटते. मलबार हिलवरच्या गोळीबारापासून हे प्रकरण सुरू झालं असं धरलं, तर मुमताज त्यात निव्वळ निमित्त ठरते. ते खरं सुरू झालं दिल्लीच्या रेल्वे स्टेशनावर, मसुरीकडे निघालेल्या प्रवासात तिने पुढे जायला नकार दिला तेव्हा.

पण आधी इंदूर. होळकरांचं इंदूर हे माळव्यातलं मराठी शहर. दरबारी कामकाजात मराठी, पेठांमधून माळवी आणि हिंदी, आणि संगीताच्या बाबतीत सगळ्या हिंदुस्थानाला दार उघडं. बीनकार बंदे अली खाँ इथे राहून गेले, नाना पानसे यांच्या पखवाजाची परंपरा इथलीच, धृपदिये नासिरुद्दीन खाँ डागर इथल्याच दरबारात गायले. अमीर खाँचे वडील शाहमीर खाँ होळकर दरबारात होते आणि खाँसाहेब लहानाचे मोठे झाले ते इंदुरातच. बंबई बाजाराच्या बाजूला राहणारी ही मंडळी आणि तिथल्या बायकांचं गाणंबजावणं यांच्यामध्ये आजच्यासारखी भिंत नव्हती. नाटक कंपन्या महाराष्ट्रातून निघाल्या की इंदूरचा मुक्काम ठरलेला. किर्लोस्कर मंडळींना इथे राजाश्रय मिळाला, मास्टर दीनानाथांच्या बलवंत संगीत मंडळीचा इंदुराशी घरोबा असा की लता मंगेशकरांचा जन्म २८ सप्टेंबर १९२९ रोजी इंदूरच्या सिख मोहल्ल्यात झाला. दरबारी होळीला कलावंतांची रीघ लागे आणि बिदागीची चर्चा वर्षभर पुरे.

या दरबाराचे धनी तिसरे तुकोजीराव होळकर. जन्म १८९० चा. वडील शिवाजीराव यांनी १९०३ मध्ये गादी सोडली तेव्हा तुकोजीराव बारा-तेरा वर्षांचे होते. पूर्ण अधिकार मिळाले १९११ मध्ये. शिकलेले, युरोप पाहिलेले, कुस्ती, संगीत आणि नाटक यांचे शौकीन. लालबाग राजवाड्याचं बांधकाम त्यांच्याच कारकिर्दीत पुरं झालं. दरबारात नाचणाऱ्या-गाणाऱ्या स्त्रिया असणं त्या काळच्या संस्थानी रीतीत कोणाला खटकत नव्हतं. खटकायला लागतं ते तिथली एखादी ‘मला जायचं आहे’ म्हणाली की.

मुमताजचं आजोळ अमृतसरचं, आई वझीर बेगम. नाचगाण्यावर जगणारं घराणं. मुलगी कोवळ्या वयात इंदूर दरबारी आली आणि महाराजांची मर्जी तिच्यावर बसली. दागदागिने, नोकरचाकर, महाराजांबरोबर प्रवास, सगळं मिळालं. कोर्टात पुढे तिने जे सांगितलं त्यात मात्र दागिन्यांपेक्षा पहाऱ्याचा उल्लेख जास्त आहे. नातेवाइकांना, पाहुण्यांना भेटता येई. पण भेटीच्या वेळी कोणीतरी शेजारी हजर असेच. मग तिला मूल झालं, मुलगी. ती जगली नाही. नर्सांनी माझ्या मुलीला मारलं, आणि त्यानंतर मला इंदुरात राहायचं नव्हतं, असं तिने शपथेवर सांगितलं. हा आरोप कोर्टात सिद्ध झाला नाही; तो त्या खटल्याचा विषयच नव्हता. पण बाविशीतली एक बाई भर कोर्टात राजवाड्यातल्या बाळंतपणाबद्दल हे बोलते, यावरून तिच्या मनात इंदूरचं काय उरलं होतं ते कळतं.

मसुरीला जायला निघाल्यावर दिल्लीला तिने हट्ट धरला. पुढच्या गाडीत बसणार नाही म्हणाली. बरोबर संस्थानाची माणसं, समोर रेल्वे स्टेशनची गर्दी आणि आजूबाजूला इंग्रजी हद्द. हे तिसरं महत्त्वाचं. इंदुरात तिचा नकार राजवाड्याच्या भिंतीआड जिरला असता. दिल्लीत ब्रिटिश पोलीस होते, वर्तमानपत्रं होती, वकील होते. मुमताज अमृतसरला आईच्या माणसांत गेली. मागोमाग निरोपे गेले. तिच्या सावत्र वडिलांनी कोर्टात सांगितलं की महाराज रडले, परत यावं म्हणून त्यांनी विनवण्या केल्या. ती गेली नाही. अमृतसरलाही पाळत आहे म्हटल्यावर तिने मुंबई धरली.

मुंबईत तिला आसरा दिला अब्दुल कादिर बावला याने. पंचविशीतला मेमण व्यापारी, कापडाच्या धंद्यातला अफाट पैसा, शहरातल्या बड्या धनिकांत गणना. मुमताजला घरात ठेवू नकोस, परिणाम वाईट होतील, असे इशारे त्याला इंदूरकडून आले होते, ही गोष्ट पुढे साक्षीपुराव्यात आली. त्याने ते मनावर घेतले नाहीत. प्रेम, गर्व की मुंबईत आपल्याला कोण हात लावतो ही गुर्मी, काय होतं कोण जाणे. तिन्ही थोडं थोडं असावं.

१२ जानेवारी १९२५. संध्याकाळ कलंडून गेलेली. बावला, मुमताज आणि बावलाचा मॅनेजर मॅथ्यू मोटारीतून मलबार हिलवर हवा खायला निघाले होते. गिब्ज रोडवर मागून आलेल्या एका मोटारीने त्यांची मोटार अडवली. आतून उतरलेल्या माणसांनी शिव्या देत बाईला खाली उतरवायचा हुकूम सोडला. बावलाने विरोध केला आणि त्याच्यावर गोळ्या झाडल्या गेल्या. त्या जखमांनीच त्याचा अंत झाला. मॅथ्यूही जखमी झाला. मुमताजला ओढून नेताना तिच्या चेहऱ्यावर सुऱ्याने वार झाले. हे वार आंधळेपणाने बसलेले नव्हते. जिचा चेहरा हीच तिची कमाई, तिचा चेहराच कापायचा. दरबार सोडून गेलेल्या नाचणारणीला ही शिक्षा कोणी ठरवली असेल ते उमगायला कोर्टाची गरज नाही.

पुढे जे घडलं ते सिनेमात दाखवलं असतं तर प्रेक्षक म्हणाले असते, अति होतंय. तेवढ्यात त्या रस्त्याला चार इंग्रज लष्करी अधिकारी मोटारीने आले. गोल्फ खेळून परतत होते. लेफ्टनंट सेगर्ट मोटारीतून उडी टाकून धावला, हातात शस्त्र म्हणून जे होतं ते गोल्फची काठी. पिस्तुलांसमोर काठी घेऊन तो भिडला, स्वतः गोळी खाल्ली, पण बाईला सोडवलं आणि हल्लेखोरांपैकी काहींना जागीच धरलं. हे अधिकारी त्या रस्त्याला आले नसते, तर मुमताज त्या रात्री मुंबईतून नाहीशी झाली असती, बावलाचा खून दरोडेखोरांच्या खात्यावर टाकला गेला असता आणि इंदुरात काहीच घडलं नसतं.

धरलेल्यांमध्ये शफी अहमद होता, इंदूरच्या स्वार पोलिसांतला. धागा मग भराभर उलगडत गेला. मुंबईचे पोलीस आयुक्त पॅट्रिक केली यांनी तपास थेट इंदूर संस्थानापर्यंत नेला. संस्थानी हद्दीत पाय टाकायचा म्हणजे राजकीय खात्याच्या पायावर पाय देणं. वरून दडपण आलं, केलींनी नोकरीवर लाथ मारायची तयारी दाखवली, अशी त्या काळची हकिगत आहे. आरोपींची संख्या नऊ झाली. त्यात इंदूरच्या फौजेचे ॲडजुटंट जनरल सरदार आनंदराव फणसे यांच्यासारखे बडे मराठे सरदारही होते. ही माणसं भाडोत्री गुंड म्हणून झटकून टाकता येण्यासारखी नव्हती. ती संस्थानाच्या पगारपत्रकावरची होती.

खटला उभा राहिला न्यायमूर्ती क्रम्प यांच्यापुढे, ज्युरीसह. सरकारतर्फे ॲडव्होकेट जनरल जमशेटजी कांगा. बचावाला वेलिणकरांसारखा फौजदारी कामातला नामांकित बॅरिस्टर, कलकत्त्याहून खास आणवलेले जे. एम. सेनगुप्ता, आणि फणश्यांसाठी बॅरिस्टर महंमद अली जीना. एवढी तोफखान्याची रांग ज्याच्या बाजूने लागली होती, तो माणूस आरोपीच्या पिंजऱ्यात कुठेच नव्हता, ही त्या खटल्याची गंमत. हायकोर्टाबाहेर माणसं ताटकळत उभी राहायची. साक्षीदारांत सगळ्यांना पाहायची होती ती मुमताज.

तिची साक्ष वाचताना एक गोष्ट जाणवते. उलटतपासणीत तिच्या चारित्र्यावर, तिच्या घराण्यावर, दागिन्यांवर घाव घालायला वाव भरपूर होता. जातिवंत गाणारीच्या मुलीला ‘तुझी अब्रू ती काय’ असं कोर्टाच्या भाषेत विचारणं वकिलांना अवघड नसतं. ती डगमगली नाही. मी कोण होते ते लपवत नाही, पण मला तिथे राहायचं नव्हतं, एवढ्या एका गोष्टीवर ती ठाम राहिली. माझ्या दृष्टीने त्या खटल्यातलं सर्वांत धाडसी वाक्य हेच होतं, आणि ते कुठल्याही बॅरिस्टरने उच्चारलेलं नव्हतं.

मे १९२५ मध्ये निकाल लागला. तिघांना फाशीची शिक्षा, फणश्यांसह इतर काहींना जन्मठेप काळं पाणी, दोघे सुटले. या आरोपींच्या मागे आणखी माणसं असावीत, मात्र त्यांच्याकडे नेमकं बोट दाखवता येत नाही, अशा आशयाची पुस्ती न्यायमूर्तींनी जोडली. बोट दाखवलं नाही, पण सगळ्या देशाने त्या बोटाची दिशा ओळखली. प्रिव्ही कौन्सिलपर्यंत जाऊनही काही बदललं नाही. व्हाइसरॉय लॉर्ड रीडिंग यांच्या सरकारने तुकोजीरावांपुढे दोन वाटा ठेवल्या: चौकशी आयोगाला सामोरं जा, नाहीतर गादी सोडा. फेब्रुवारी १९२६ मध्ये त्यांनी गादी सोडली आणि सतरा वर्षांचे यशवंतराव होळकर इंदूरचे महाराज झाले.

इंग्रजांनी एका मानी मराठा संस्थानिकाचा काटा काढला, असं मानणारे तेव्हाही होते, आजही इंदुरात भेटतात. त्यांचं म्हणणं अगदीच फोल नाही. राजकीय खात्याला संस्थानिक वठणीवर आणायला निमित्त हवंच असायचं. पण निमित्त इंदूरनेच पुरवलं होतं, आणि बावलाच्या प्रेताला राजकारण कळत नव्हतं.

आता कोहिनूरकडे वळू. द्वारकादास संपत यांची ही कंपनी धाडसी विषयांची. त्यांचा ‘भक्त विदुर’ १९२१ मध्ये आला; विदुराच्या वेशात गांधीजींचीच मूर्ती दिसते म्हणून काही ठिकाणी त्यावर बंदी आली. १९२४ मध्ये याच कंपनीने ‘काळा नाग’ काढला, तोही मुंबईत गाजलेल्या चांपसी-हरिदास खून प्रकरणावर. म्हणजे ताज्या खुनाचा ताजा सिनेमा ही कोहिनूरची सवयच होती. वर्तमानपत्र वाचता न येणाऱ्या गिरणगावाला वर्तमानपत्र दाखवायचं, असा तो धंदा. लेखक मोहनलाल दवे यांचा हात असा चालायचा की आज घडलेलं उद्या पटकथेत. बावला प्रकरण त्यांच्या हातून सुटणं शक्यच नव्हतं.

अडचण एकच. १९२२ पासून संस्थानिकांच्या रक्षणासाठी कायदा होता; राजांविषयी अप्रीती पसरवणारं लिखाण गुन्हा ठरत होतं. शिवाय १९२० पासून मुंबईत सेन्सॉर बसलेलं. तेव्हा होळकर, इंदूर, मुमताज ही नावं पडद्यावर आणण्याचा धोका कोण पत्करणार? नाव दिलं ‘कुलीन कांता’, आणि त्यात ‘कुलीन’ हा शब्द घालून निर्मात्यांनी प्रेक्षकाला डोळा मारला. मूकपटाला तसंही बोलायचं नव्हतं. मधल्या पाट्या दोन-तीन भाषांत, पडद्याखाली पेटी-तबला, आणि थिएटरातला चुरचुरीत बोलणारा कोणीतरी, एवढ्यावर बाकीचं प्रेक्षकच पुरं करायचे.

मुमताजचं काम पडद्यावर दुसरीच बाई करत होती. हे लक्षात घेण्यासारखं आहे, कारण मूकपटाला बायका मिळणं हीच त्या काळातली सर्वांत मोठी अडचण होती. दादासाहेब फाळक्यांना ‘राजा हरिश्चंद्र’साठी तारामती मिळेना. वेश्यावस्तीतूनही कोणी येईना. शेवटी उपाहारगृहात काम करणारा साळुंके नावाचा तरुण तारामती झाला. पुढे ‘लंकादहन’मध्ये त्यानेच राम आणि सीता दोन्ही केले. १९१३ च्या ‘मोहिनी भस्मासुर’मध्ये दुर्गाबाई कामत आणि त्यांची मुलगी कमलाबाई कॅमेऱ्यापुढे आल्या, त्या नाटक कंपनीतून. कोल्हापूरला बाबूराव पेंटरांनी १९२० च्या ‘सैरंध्री’त गुलाबबाई आणि अनसूयाबाई घेतल्या, तर त्यांची नावं बदलून कमलादेवी आणि सुशीलादेवी करावी लागली. मग आल्या अँग्लो-इंडियन आणि ज्यू मुली, ज्यांना ‘लोक काय म्हणतील’ची धास्ती थोडी कमी होती. त्यांचीही नावं बदलली.

यातली सर्वांत मोठी त्याच वर्षी, त्याच कोहिनूरमध्ये आली. पुण्यात १९०७ साली जन्मलेली रूबी मायर्स, बगदादी ज्यू घरातली, मुंबईत टेलिफोन ऑपरेटर. दिग्दर्शक मोहन भवनानी यांनी विचारलं तेव्हा आधी तिने नाही म्हटलं. सिनेमात जाणं चांगल्या मुलींचं काम नाही, हे तिच्या घरातही ठाऊक होतं. नंतर हो म्हणाली. नाव मिळालं सुलोचना. १९२५ चा ‘वीर बाला’ हा तिचा पहिला सिनेमा. पुढच्याच वर्षी ‘टायपिस्ट गर्ल’ आणि ‘टेलिफोन गर्ल’. टेलिफोन एक्स्चेंजमधली मुलगी पडद्यावर टेलिफोन एक्स्चेंजमधली मुलगी झाली, आणि ‘टेलिफोन गर्ल’ दिग्दर्शित केला तोही ‘कुलीन कांता’वाल्या होमी मास्टरांनीच. नोकरी करणारी, रस्त्यात एकटी चालणारी, पुरुषाच्या डोळ्याला डोळा भिडवणारी ही बाई प्रेक्षकांना नवी होती. १९२७ च्या ‘वाइल्डकॅट ऑफ बॉम्बे’मध्ये तिने आठ वेगवेगळी रूपं घेतली, त्यात पुरुषही होते. इंपीरियल फिल्म कंपनीत गेल्यावर ‘अनारकली’ आणि ‘माधुरी’ आले. महिना पाच हजार पगार. मुंबईच्या गव्हर्नरला एवढा मिळत नाही, असं लोक सांगत. खरंखोटं गव्हर्नर जाणे.

आता दोघींना शेजारी ठेवून पाहावं. पुण्याची रूबी आणि इंदूरहून पळालेली मुमताज, वयाने चार-पाच वर्षांचं अंतर, दोघी एकाच शहरात, आणि एकीचं आयुष्य विकून पैसा करणारी कंपनी दुसरीला स्टार बनवत होती. मुमताजला सिनेमात घेण्याचं त्या कंपनीच्या मनात का आलं नाही? नाचता येत होतं, नाव घरोघरी पोहोचलेलं होतं. दरबाराशी जोडलेल्या बायका सिनेमात येणं अशक्यही नव्हतं. सचीन संस्थानच्या नवाबांशी जिचं नाव जोडलेलं, ती फात्मा बेगम १९२२ च्या ‘वीर अभिमन्यू’पासून पडद्यावर होती, आपल्या मुलींना तिने सिनेमात आणलं, १९२६ मध्ये ‘बुलबुल-ए-परिस्तान’ दिग्दर्शित केला. तिचीच मुलगी झुबेदा पुढे ‘आलम आरा’ची नायिका झाली. फात्माबेगमच्या मागे खून नव्हता, एवढाच फरक. मुमताजच्या मागे एक प्रेत होतं, तीन फाशीच्या शिक्षा होत्या, चेहऱ्यावर खुणा होत्या आणि एक गादी गेलेली होती. तिची कथा हवी, ती नको. निर्मात्यांनी हा हिशेब मांडून केला असेल असं मी म्हणत नाही. पण हिशेब तसाच निघाला.

मुमताजने मग दूरची वाट धरली. ती हॉलिवूडला गेली. काही दिवस तिकडच्या वर्तमानपत्रांतून तिच्या नावाचे मथळे आले: राजाच्या जनानखान्यातून निसटलेली सुंदरी, खुनाची साक्षीदार. त्या वेळच्या हॉलिवूडला पूर्वेचं वेड होतं. रुडॉल्फ व्हॅलेंटिनो १९२१ मध्ये अरब शेख झाला, १९२२ मध्ये ‘द यंग राजा’मध्ये हिंदुस्थानी राजकुमार, डग्लस फेअरबँक्सचा ‘थीफ ऑफ बगदाद’ १९२४ चा. या सिनेमांना राजे, वाडे, हत्ती, पडदानशीन बायका सगळं हवं होतं. पण त्यांचा हिंदुस्थान कॅलिफोर्नियात लाकूड आणि प्लास्टरने बांधला जाई आणि त्यात हिंदुस्थानी माणसाचं काम बहुधा रंग फासलेला गोराच करी. खरा राजवाडा, खरा पहारा, खरी पळून आलेली बाई समोर उभी राहिली, तेव्हा तिचं काय करायचं हे हॉलिवूडला कळलं नाही. मथळे संपले आणि तीही सिनेमाच्या इतिहासातून संपली.

तुकोजीरावांचं आयुष्य मात्र थांबलं नाही. अमेरिकेतल्या सिॲटलची नॅन्सी ॲन मिलर त्यांना युरोपात भेटली. १९२८ मध्ये शंकराचार्य डॉ. कुर्तकोटी यांनी तिला विधिपूर्वक हिंदू धर्मात घेतलं, नाव ठेवलं शर्मिष्ठादेवी, आणि बडवाहला थाटामाटात लग्न लागलं. सनातन्यांनी बोटं मोडली, सुधारकांनी स्वागत केलं, वर्तमानपत्रांनी पुन्हा अंक खपवले. तीन वर्षांपूर्वी ज्या राजाला देशभर शिव्या घालत होते, त्याच्या लग्नाची वर्णनं लोक चवीने वाचत होते. माणसांची स्मरणशक्ती अशी सोयीने चालते, विशेषतः माणूस राजा असेल तर. तुकोजीराव १९७८ पर्यंत जगले आणि पॅरिसला वारले. माणिकबाग महाल बांधून यशवंतरावांनी इंदुरात नव्या युरोपी धाटणीचं घर उभं केलं आणि जुन्या दरबाराची, होळीची, बिदागीची गोष्ट मागे पडत गेली.

सुलोचनाचंही पुढे सोपं गेलं नाही. १९३१ मध्ये सिनेमा बोलू लागला आणि हिंदुस्थानी नीट बोलता येत नसलेली ही राणी अडचणीत आली. तिने काही काळ कामातून अंग काढून घेतलं, भाषा घोटली, आणि बोलत्या ‘माधुरी’ने परतली. डी. बिलिमोरियाबरोबरची तिची जोडी काही वर्षं गाजली. नंतर आईच्या, आजीच्या भूमिका. १९२८ ला जी स्वतः अनारकली होती, तीच १९५३ च्या ‘अनारकली’त सलीमची आई झाली. १९७३ सालचा दादासाहेब फाळके पुरस्कार तिला मिळाला आणि १९८३ मध्ये ती गेली.

‘कुलीन कांता’ आज अस्तित्वात नाही. भारतात तेराशेच्या आसपास मूकपट निघाले. त्यांतले पुरे किंवा तुकड्यातुकड्यांनी उरलेले जेमतेम तीस. नायट्रेटची फिल्म पेटते, वितळते, आणि तिच्यातली चांदी काढायला म्हणूनही पुष्कळ रिळं विकली गेली. त्यामुळे होमी मास्टरांनी इंदूरच्या बाईची बाजू घेतली होती की राजाची, की निव्वळ गोळीबाराची मजा दाखवली होती, हे पाहून ठरवता येत नाही. पाहायला उरली आहे ती कोर्टातली साक्ष. तीत बाई मूक नाही.

मूकपटांविषयी आज जे कळतं, त्यातलं बरंचसं फिल्मवरून नव्हे तर कागदांवरून कळतं: थिएटरची हँडबिलं, जुन्या मासिकांतल्या जाहिराती, नाटक कंपन्यांच्या हिशेबाच्या वह्या, फोटोंच्या मागे लिहिलेली नावं. इंदूर, देवास, धार, उज्जैन इथल्या जुन्या मराठी घरांत, आजोबांच्या पेट्यांत असे कागद अजून निघतात. रद्दीवाल्याला बोलावण्याआधी ते एकदा चाळा, आणि काही हाती लागलं तर पुण्याच्या राष्ट्रीय फिल्म संग्रहालयाला कळवा.